फंकला तिहाई नसते

प्रतापकाका कॅनडातल्या केंब्रिजच्या कार प्लांटमध्ये गाड्यांना दारं बसवतात आणि घरी बेसमेंटमध्ये बेस गिटार वाजवतात. मूळचे नागपूरचे. इंग्रजीसुद्धा नागपुरीच: "व्हॉट हॅपन्ड बे?" त्यांची इच्छा एकच, मराठी मंडळाच्या गणपतीत एकदा तरी फंक, म्हणजे त्यांचं लाडकं अमेरिकन संगीत, पूर्ण वाजवायचं. दरवर्षी ते मिनिटभरात मरतं.

मारतात चंद्रकांतकाका. मंडळात ड्रम वाजवणारं कोणी नाही, म्हणून त्यांचा तबला. आणि तबला आला की तिहाई आली. एकच तुकडा तीनदा वाजवून समेवर धाडकन येणं. ती ऐकली की आपली माणसं टाळ्या वाजवून उठतात.

"चंदूभाऊ, समजून घ्या," यंदा तालमीत प्रतापकाका हात जोडून म्हणाले. "साठच्या दशकात अमेरिकेतल्या काळ्या वादकांनी सोल घेतलं, जॅझ घेतलं अन् सारा जोर पहिल्या मात्रेवर टाकला. चाल मागे, ठेका राजा! त्याचेच तुकडे उचलून हिपहॉपवाले मोठे झाले. ही पोट्टी दिवसभर तेच तर ऐकून राह्यली!"

पोट्टी म्हणजे मी.

"पहिली मात्रा म्हणजे सम. त्यात नवीन ते काय, प्रताप?" चंद्रकांतकाका पुण्याचे, शब्द इस्त्री करून बोलतात.

"तिथं पोचून थांबाचं नसते, हे नवीन! फिरतच राहाचं. तिहाई नाही म्हणजे नाही. घ्या गणपतीची शपथ!"

घेतली.

कार्यक्रमात ठेका असा बसला की खजिनदारांची मानसुद्धा हलायला लागली. चंद्रकांतकाका मात्र शिंक दाबल्यासारखे लाल होत गेले. आणि शिंकलेच. तिहाई. धा!

टाळ्या. सूत्रसंचालक लतामावशी माइकवर हजर. "सुंदर! जेवण तयार आहे. आणि ती ग्रे व्हॅन कोणाची? प्लीज, मूव्ह करा."

"संपलं नाही! बसा ना बाप्पा!" प्रतापकाका वाजवतच राहिले. लोक पुऱ्यांच्या रांगेत. मावशींना चहाच्या भांड्यासाठी प्लग हवा होता, त्यांनी गिटारच्या अँपची वायर काढली. "पाचच मिनिटं हं, भावजी."

आता नुसत्या तारांची टिकटिक. पाय मात्र पहिल्या मात्रेवर आपटत होता. माझाही.

चंद्रकांतकाका श्रीखंडाची वाटी घेऊन आले. "काय बसली रे तिहाई! अगदी समेवर!"

प्रतापकाकांनी गिटार खाली ठेवली. "पुढच्या वर्षी तबला नाही."

"बरं," चंद्रकांतकाका बोट चाटत म्हणाले, "पखवाज आणतो."