कलेक्टरचा प्रवेश

दोन हजार पाचच्या सुमारास, पत्नी गेल्यानंतर, मी मुलाकडे डेल्फ्टला राहू लागलो. खालच्या मजल्यावर एक वृद्ध इंग्रज राहत असे. डच बायकोसाठी तो या देशात आला होता. तीही हयात नव्हती. हे आम्ही एकमेकांना एकदा सांगितले. पुन्हा विषय काढला नाही.

तो नट होता. आयुष्यभर त्याने हवालदार, पाद्री आणि बटलर केले. इथल्या टीव्हीवर ब्रिटिश मालिका मूळ आवाजात, खाली डच अक्षरांसह दाखवत. एका जुन्या मालिकेतली आपली भूमिका त्याने मला दाखवली. त्याने दार उघडले, पाहुण्याची टोपी घेतली, दार लावले.

"मला वाक्ये होती," तो म्हणाला. "नंतर कापली."

त्याला काम मिळून बरीच वर्षे झाली होती.

मराठी मंडळाच्या गणेशोत्सवातील नाटकाला गोरा कलेक्टर हवा होता. पुण्याहून आलेली संगणकवाली मुले एकमेकांना पावडर फासून पाहत होती. मी त्याला सुचवले. तो लगेच तयार झाला.

"रंगमंचावर कात्री चालत नाही," तो म्हणाला. "या वयात एक प्रवेश पुरा मिळाला, तर पुरे."

रोज सकाळी तो माझ्याकडे पाठांतराला येई. 'ळ' त्याच्या जिभेला वळेना. कालव्याकाठी चालतानाही तो तेच घोळवी: "काळजी नको, पाटील. निकाल मीच देणार."

प्रयोगाच्या दिवशी आधी दीपप्रज्वलन झाले, मग स्वागतगीत, मग प्रायोजकांचे आभार. त्यानंतर अध्यक्षांनी त्याला कलेक्टरच्या पोशाखातच मंचावर बोलावले. शाल, श्रीफळ, आणि भाषण. जागतिक कीर्तीचे नटश्रेष्ठ आपल्यात आहेत, हे अध्यक्षांनी अनेक प्रकारे सांगितले. लोक उभे राहिले. तो सावकाश वाकला.

नाटक निम्म्यावर आले, तेव्हा सभागृहाचा डच व्यवस्थापक किल्ल्या घेऊन विंगेत येऊन उभा राहिला. ठरलेल्या वेळी हॉल रिकामा करायचा होता. त्यात इथे सवलत नसते.

"कलेक्टरचा प्रवेश उडवा," दिग्दर्शिका कुजबुजली.

"अगं, पण ते तयार होऊन बसलेत," मी म्हणालो.

"त्यांचा सत्कार झालाय की. काका, तुम्ही सांगाल ना त्यांना?"

मी गेलो. तो हॅट हातात घेऊन उभा होता. नारळ खुर्चीवर होता.

माझ्याकडे पाहून त्याने विचारले, "कापले?"

"हो."

"टाळ्या आधी मिळाल्या," तो म्हणाला. "असे पूर्वी झाले नव्हते."

परतीच्या आगगाडीत त्याने शालीची घडी मांडीवर ठेवली, नारळ शेजारी. डेल्फ्ट जवळ आल्यावर त्याने हॅट चढवली, समोरच्या रिकाम्या बाकाकडे पाहिले आणि सगळा प्रवेश म्हटला. पाटलाच्या वाक्यांच्या जागी तो थांबत होता.

"तो 'ळ' जमला?" त्याने विचारले.

"जमला," मी म्हणालो.

त्याने हॅट काढली. गाडी थांबली, आणि नारळ मी घेतला.