फिटरकाकांचे तीन माईक

फिटरकाकांनी चौतीस वर्षं कापडाचे माग दुरुस्त केले, पण त्यांना रडकुंडीला आणलं ते माईकने. कुणी विषय काढला तर अजूनही म्हणतात, "माग बरा. बिघडला की निदान बंद तरी पडतो." हा माईक बिघडतही नव्हता आणि चालतही नव्हता. असल्या वस्तूचं माणसाने करायचं तरी काय?

काकांची मुलगी चार वर्षांपूर्वी नोकरीसाठी लांबच्या शहरात गेली. फोनवर बापलेकीचं बोलणं दोन मिनिटांत आटपायचं. जेवलीस का, जेवले, तब्येत बरी ना, बरी आहे, दे आईकडे. शेवटी मुलीनेच शक्कल काढली. तिचा जुना कॉम्प्युटर घरी धूळ खात पडला होता. सुट्टीत आली तेव्हा तिने त्यावर एक खेळ घालून दिला. चौघांनी मिळून एक जहाज हाकायचं, खडक आणि चाचे चुकवत बंदराला लावायचं, आणि हे करताना एकमेकांशी बोलत राहायचं. सुकाणू मुलीकडे, तोफ आणि टेहळणी तिच्या ऑफिसातल्या दोघांकडे, आणि शिडाच्या दोऱ्या काकांकडे. "ओढ" म्हटलं की ओढायचं, "सोड" म्हटलं की सोडायचं आणि "हो" म्हणायचं. दर रविवारी सकाळी तासभर लेकीचा आवाज कानात. काकांना दुसरं काही नको होतं.

मग टेहळणीवरचा गडी खेळ सोडून गेला आणि मुलीने काकांना बढती देऊन डोलकाठीवर चढवलं. कारणही तसंच होतं. चालत्या मागावर तुटलेला एक धागा काका दहा पावलांवरून पकडायचे, ही कीर्ती तिने ऑफिसात गाऊन ठेवली होती. शिडावर एक नवीन मुलगी आली. काकांचं काम आता एकच, वरून दिसेल ते सांगायचं. सुकाणूपाशी उभ्या माणसाला समोरचं काही दिसत नाही. तो वरच्याच्या शब्दावर जहाज वळवतो.

पहिल्याच रविवारी जहाज खडकावर आपटलं.

"बाबा, खडक दिसला नाही का तुला?"

"दिसला की! चांगला तीनदा सांगितला!"

"मला काहीच ऐकू आलं नाही. आता येतंय बघ. माईक तपास तुझा."

काकांनी तपासला. मोबाईलबरोबर आलेला साधा इअरफोन होता, त्याच्या वायरीवर तांदळाएवढा माईक. कॉम्प्युटरच्या मागे एक गुलाबी भोक, एक हिरवं भोक, दोन्हींत जाणारी जोडवायर मुलीने लावून दिलेली. पिन काढून पुसली, परत घातली, आवाजाची पट्टी शंभरावर नेली. दुसरा डाव सुरू झाला आणि जहाज चाच्यांच्या पुढ्यात जाऊन उभं राहिलं. काका सांगून सांगून दमले होते, आणि तिकडे कुणाला पत्ता नाही!

दुसऱ्या दिवशी ते दुकानातून हेडफोन घेऊन आले, तोंडापुढे दांडी येते तसला. घरी बसून स्वतःचा आवाज रेकॉर्ड केला, परत ऐकला. "एक, दोन, तीन, फिटर बोलतोय." खणखणीत! पडद्यावर त्यांच्या नावाभोवती हिरवं कडं पेटायचं, आवाज पोचला की पेटतं ते. काकांनी ते दहा वेळा पेटवून पाहिलं आणि रविवारपर्यंत शीळ घालत फिरले. रविवारी जहाज पुन्हा बुडालं. बुडाल्यावर काका जे काही बोलले ते मात्र सगळ्यांना स्पष्ट ऐकू गेलं, आणि शिडावरच्या नव्या मुलीने तसलं काही पहिल्यांदाच ऐकलं.

आता डोकं फिरेल नाहीतर काय होईल? चौतीस वर्षांत एकाही मागाने त्यांना हात टेकायला लावले नव्हते. साहेब लोक कागद उलटसुलट करत बसायचे आणि काका नुसते मागाच्या अंगावर हात ठेवून बिघाड सांगायचे. आणि इथे हात ठेवायचा कशावर? त्यांनी सेटिंग उघडलं, गोंगाट गाळायचं बटण बंद केलं, चालू केलं, बोलताना दाबायची कळ लावली, काढली. पंखा बंद करून घामाघूम होऊन बसले. बायकोने कुकरची शिट्टी होऊ दिली म्हणून तिच्यावर उखडले.

"मी स्वयंपाक बंद ठेवू का तुमच्या जहाजासाठी?" तिने विचारलं. वास्तविक ती त्यांच्याच बाजूची होती. तिने त्याच कारखान्यात वीस वर्षं मागांसाठी सुताच्या कांड्या भरल्या होत्या. यंत्राने माणसाला छळणं म्हणजे काय, हे तिला सांगावं लागत नव्हतं.

शेवटी काकांनी दुकानदारालाच घरी ओढून आणलं. तो टेबलावर उभा करायचा जाडजूड माईक घेऊन आला, सगळं जोडलं आणि म्हणाला, "बोला काका."

"काय बोलू?"

"हेच. झकास येतंय."

"आत्ता येतंय हो! खेळताना जातं!"

"असं कसं होईल?" दुकानदार हसला. काकांना ते हसू झोंबलं. म्हातारा झालाय, काहीतरी चुकीचं दाबत असेल, असं त्या हसण्यात स्वच्छ लिहिलेलं होतं.

शनिवारी मुलीचा फोन आला. दोन मिनिटांचं झाल्यावरही तिने ठेवला नाही. "बाबा, उद्या ऑफिसच्या सगळ्या जहाजांची शर्यत आहे. तोफवाला म्हणतोय, डोलकाठीवर दुसऱ्या कुणाला तरी घेऊ या. मी त्याला सांगितलंय, उद्याच्या पहिल्या फेरीपर्यंत थांब." मग ती म्हणाली, "तू नुसतं बघायला बसलास तरी चालेल."

नुसतं बघायला! काकांना रात्रीचं जेवण गेलं नाही. रविवारचा तो एक तास गेला की पुन्हा जेवलीस का, जेवले, दे आईकडे. तीन माईक टेबलावर ओळीने मांडून ते त्यांच्याकडे असे बघत होते, की त्यांतला एक तरी शरमेने गुन्हा कबूल करील.

शर्यत सकाळी दहाला सुरू झाली. काकांच्या डोक्यावर हेडफोन, तोंडापुढे जाडा माईक, शेजारी बायको शेंगा सोलत बसलेली. पाच मिनिटांत समुद्रात धुकं आलं. काका पडद्यात घुसायचे तेवढे बाकी होते. डावीकडे खडक, मोठा, वळव, अगं वळव! जहाज सरळच चाललं होतं. तेवढ्यात बायकोचा मोबाईल वाजला. तिने स्पीकरवर घेतला.

"आई, बाबा आहे ना तिथे? बोलतोय का काही?"

"बोलतोय म्हणजे? सारखे बोलतायत की! डावीकडे खडक आहे, वळव म्हणतायत. ऐकत का नाहीस तू?"

तिकडे मुलीने सुकाणू गरकन फिरवलं असावं, कारण जहाज वाकडं होऊन खडकाला घासून गेलं. मग ती म्हणाली, "आई, मला तुझ्या फोनमधून पंखा ऐकू येतोय. शेंगांचा आवाजही येतोय. बाबाचा नाही येत."

बायकोच्या हातातली शेंग तशीच राहिली. तिने मान वर करून नवऱ्याकडे नीट पाहिलं. काकांचे ओठ चालले होते, मोठे मोठे, एकेक शब्द दातांवर स्पष्ट मांडत. उजवीकडे दोन चाचे. आवाजाचा मात्र मागमूस नव्हता.

मागखात्यात कुणीही आवाजाने बोलत नसे. दीडशे माग एकदम धडधडत असताना ओरडून फक्त घसा जातो. माणसं ओठ हलवायची आणि समोरचा ते वाचायचा, मालकाला शिव्याही अशाच दिल्या जायच्या. काका कामात बुडाले की त्यांचा घसा आपोआप बंद व्हायचा, आणि तिने वीस वर्षं त्यांना असंच ऐकलं होतं. गेले तीन रविवार ती शेजारी बसून सगळं ऐकत होती, आणि काही कमी आहे असं तिला एकदाही वाटलं नव्हतं.

कानावर हेडफोन होता, म्हणून तिने त्यांच्या समोर जाऊन ओठांनीच सांगितलं, आवाज काढा.

काकांनी ते वाचलं. त्यांचा चेहरा पडला. स्वतःचा इतका संताप त्यांना जन्मात आला नव्हता. चौतीस वर्षं दुसऱ्याचे बिघाड शोधले, आणि हा तोंडातच घेऊन फिरत होते!

"उजवीकडे!" ते ओरडले. "दोन! उजवीकडे दोन!"

"बाबा!" मुलगी किंचाळली. "आला आवाज!"

त्यानंतर काका दर शब्द घशातून ओढून काढत होते. दोनदा विसरले, दोनदा बायकोने ढोसलं. जहाज सहावं आलं, शेवटून दुसरं. तोफवाला म्हणाला, "काका, पुढच्या रविवारी वरच बसा, फक्त थोडं हळू."

बायकोने सगळा प्रकार मुलीला फोनवर सांगितला. मुलगी आधी खूप हसली. मग हसायची थांबली.

"बाबा, मी इथे यायला निघाले तेव्हा बसची काच बंद होती. तू खालून काहीतरी बोलत होतास. मला वाटलं काचेमुळे ऐकू येत नाहीये. मी नुसती हो हो करत मान हलवली. काय म्हणत होतास रे?"

काकांचे ओठ हलले. हिरवं कडं पेटलं नाही.

"बाबा? गेला का माईक परत?"

बायकोने ते ओठ वाचले होते. तिने शेंगांचं ताट खाली ठेवलं.

"आई, काय म्हणतोय तो?"

"मी नाही सांगणार," ती म्हणाली. "तुमचं तुम्ही बोला हो."

काकांनी दोन्ही हातांनी टेबल धरलं.

"जाऊ नकोस म्हणत होतो!" ते केवढ्यांदा तरी ओरडले, कारण आवाज बेताने काढायचं त्यांना अजून जमत नव्हतं.

तोफवाला आणि शिडावरची मुलगी अजून लाईनवरच होते.