पडद्यापुढची टेकूताई

थिएटरात तिला सगळे टेकूताई म्हणत. खेळ कलंडायला लागला की लावायचा तो टेकू. दोन आयटमांच्या मध्ये पडद्यामागे सामानाची हलवाहलव चाले, तेवढा वेळ पडद्यापुढे उभं राहून लोकांना हसवत ठेवायचं, हे तिचं काम. तीन मिनिटं लागोत नाहीतर तेरा, मागून सुताराने फळीवर दोनदा टाच आपटल्याशिवाय आत यायचं नाही. बावीस वर्षांत तिने हा नियम एकदाही मोडला नव्हता.

नकला अशा की ऐकत राहावं. नाकात बोलणारा कंपाउंडर, दात नसलेली घरमालकीण, फोनवर नवऱ्याशी साखर आणि मुलांशी मिरची होणारी शेजारीण. सिनेमातही ती होती. सत्तावीस सिनेमांत खिडकीतून डोकावून खो खो हसली होती. धाकटी बहीण सगळ्यांना सांगायची, पॉपकॉर्न आणायला उठलात की आमची ताई संपली.

आणि एका दिग्दर्शकाने तिला चक्क आईचं काम देऊ केलं. मुलगा घर सोडून निघतो, आई अडवत नाही, नुसती बोलते. चार पानं! ऑडिशन शनिवारी पाचला, मिनिटभरही थांबणार नाही, असं त्याने बजावलं होतं. दुपारचा खेळ साडेचारला सुटे आणि स्टुडिओ तीन गल्ल्या पलीकडे. भांडी घासताना, जिना चढताना तिने चारही पानं घोटली.

शनिवारी शेवटच्या आयटमला जादूगाराच्या पेटीचं झाकण अडकलं. जादूगार आतच. टेकूताईने कंपाउंडर केला, घरमालकीण केली, शेजारीण दोनदा केली. पाचला वीस कमी. विंगेतून मॅनेजर हातांनी रबर ताणल्यासारखं करत होता. चालू पडावं, असं तिच्या मनात आलं. पण टाच वाजली नव्हती आणि पाय काही हलेना. पोतडी रिकामी झाली, तेव्हा तिने आपल्या साध्या आवाजात ती चार पानं सुरू केली.

"डबा घेतलास ना? मग जा."

लोक फिस्सकन हसले. तिच्या डोळ्यांतून खरंच पाणी यायला लागलं, तशी पहिली रांग पोट धरून लोळली.

टाच वाजली पाच वाजून दहाला. तोंडाचा रंग न पुसता ती धावली. दिग्दर्शक निघून गेला होता. त्याच्या मदतनिसाने खुर्ची दिली, पाणी दिलं आणि आईचं काम दुसरीला गेल्याचं सांगितलं. खिडकी मात्र तिच्यासाठीच राखून ठेवली होती म्हणे.

सोमवारी मॅनेजर खुशीत होता. "बाई, ती आईची नक्कल रोज घ्या."

"ती नक्कल नव्हती."

"तेच तर! कळतच नाही."

त्या दिवशी तिने ती घेतली. डब्याच्या वाक्याला लोक हसले, आणि हसू ओसरेपर्यंत नेमकं थांबून तिने पुढचं वाक्य टाकलं.