हाडामागचा ठिपका

परवा कपाट आवरताना एक जुनी एक्स-रे फिल्म हाती आली आणि भांडुपच्या हॉस्पिटलातली ती दुपार आठवली. खोकल्याने बेजार झालेल्या एका मावशींचा एक्स-रे पाहून मी सांगितलं होतं, "काही नाही, साफ आहे," पण माझ्या ज्युनिअरने तो नव्या संगणक प्रोग्रॅमला दाखवला आणि प्रोग्रॅमने गळ्याजवळच्या हाडामागे लाल गोल काढला. "मॅडम, इथे बघा ना." ठिपका होता. टीबी वेळेत सापडला, मावशी बऱ्या झाल्या आणि पेढ्यांचा पुडा थेट संगणकासमोर ठेवून म्हणाल्या, "ह्येनाच माका वाचवल्यान!" मी हसले, पण आतून जळले. आता मीही रोज त्यालाच विचारते, आणि ज्या दिवशी तो चुकतो, त्या दिवशी मला चहा जास्त गोड लागतो.