सहाचं पाणी

माझे सासरे दत्तात्रय शेलार यांनी पुण्यात एकतीस वर्षं पाणी सोडलं. म्हणजे महापालिकेत व्हॉल्व्हमन होते. सायकलला बांधलेली ती लांब लोखंडी चावी, आणि कुठल्या गल्लीला किती वाजता, किती मिनिटं, हे सगळं तोंडपाठ. पाच मिनिटं इकडची तिकडे झाली की बायका बादल्या घेऊन रस्त्यावर आणि यांच्या सात पिढ्यांचा उद्धार! बाबा हे अभिमानानं सांगतात. "उशीर एकदाही नाही केला. शिव्या खाल्ल्या त्या कमी दाबाच्या."

आता असा माणूस ऑस्ट्रेलियात, बॅलरॅटला आमच्या घरी येऊन करणार काय? इथं नळाला चोवीस तास पाणी. सासूबाई गेल्या, तेव्हा सप्टेंबरात विक्रांतनं, माझ्या नवऱ्यानं, त्यांना बोलावून घेतलं. मी हॉस्पिटलात नर्स, विक्रांत बसच्या वर्कशॉपमध्ये, आठ वर्षांची स्पृहा शाळेत. बाबा दिवसभर एकटे. आम्ही म्हणायचो, बाबा, आता इथंच राहा, व्हिसाचं आम्ही बघतो. ते नुसतं हसायचे. एकदा मी खनपटीलाच बसले तेव्हा म्हणाले, "माझ्या हातून इथं काही झालं तर राहीन. नाहीतर एप्रिलचं तिकीट आहेच."

मला ते राहायला हवे होते. घर सांभाळायला माणूस मिळतो म्हणून नाही हं. माझे वडील मी अकरावीत असताना गेले. घरात कुणाला तरी 'बाबा' म्हणून हाक मारायची मला हौस आहे, एवढं सरळ सांगते.

डिसेंबरच्या सुरुवातीला शेजारच्या जोआननं बाबांना गर्किनची सहा रोपं दिली. गर्किन म्हणजे लोणच्याच्या त्या बोटाएवढ्या काकड्या. आमच्या गावात नोव्हेंबरातही सकाळी दव गोठून गवत पांढरं दिसतं, आणि मार्च सरता सरता थंडी परत दारात. मधे उन्हाळ्याचे जेमतेम शंभर-सव्वाशे दिवस. बाबांनी मागच्या अंगणात झकास वाफा केला आणि रोज संध्याकाळी सहाच्या ठोक्याला नळी घेऊन उभे. "ऊन उतरल्यावरच पाणी द्यावं, मुळं भाजत नाहीत." पुण्यातल्या मे महिन्यात अगदी बरोबर. इथं रात्री पारा सातावर येतो. भाजतंय कोण?

जानेवारी उजाडला तरी रोपं वीतभरच. पानं पिवळी. बाबांनी त्यावर उपाय काढला : रोज दोन मिनिटं जास्त पाणी. "दाब कमी पडत असणार."

जोआन मला कुंपणापाशी गाठून म्हणाली, "मेट, गार पाणी आणि वर गार रात्र, मुळं बिचारी गारठतात. सकाळी द्या, जरा कोमट करून. तेही माती कोरडी लागली तरच." मी म्हटलं, नो वरीज, सांगते. पण सांगणार कोण? एकतीस वर्षं पाणी सोडलेल्या माणसाला पाणी कसं द्यावं ते शिकवायचं? विक्रांत म्हणाला, तू सांग, तुझं ऐकतील. मी म्हटलं, वडील तुझे! यात पंधरा दिवस गेले.

मग एका शनिवारी मी डबल शिफ्ट करून आले. बोचरा वारा सुटलेला, सहा वाजलेले, आणि बाबा नळी घेऊन हजर. माझा तोल गेला. "बाबा, बंद करा ते पाणी! मारताय तुम्ही त्यांना! तुमच्या पायांवर आत्ता हे पाणी सोडलं तर चालेल का तुम्हाला? घड्याळ काय बघता, झाड बघा ना! हे पुणं नाहीये!" आणि वर मीच रडायला लागले.

बाबांनी नळ बंद केला. नळी नीट गुंडाळली आणि खोलीत गेले. रात्री जेवताना "भाजी छान झालीय" एवढंच बोलले. विक्रांत माझ्याकडे बघेना. मी मनात म्हटलं, झालं! माझ्या या तोंडानं एप्रिलचं तिकीट पक्कं केलं.

दुसऱ्या दिवशी सकाळी पाहते तर मागच्या भिंतीशी दोन काळ्या बादल्या उन्हात भरून ठेवलेल्या. दहा वाजता बाबांनी त्यात कोपर बुडवून पाहिलं, तान्ह्या बाळाच्या अंघोळीचं पाणी बघतात तसं. मग मातीत दोन पेरं बोट घातलं आणि एकेका मुळाशी तांब्यानं पाणी दिलं, पानाला थेंब न लागू देता. तिसऱ्या दिवशी बोट घालून बाहेर काढलं आणि म्हणाले, "आज सुट्टी." आयुष्यात पहिल्यांदा या माणसानं पाण्याची पाळी चुकवली असेल.

फेब्रुवारीत वेल कुंपणावर चढले, पिवळ्या फुलांनी भरले. पहिली काकडी बाबांनी आपल्या पद्धतीनं कापली. टोक उडवून त्याच टोकानं फेस येईपर्यंत घासली. "आजोबा, व्हॉट आर यू डूइंग?" "कडूपणा काढतोय." स्पृहानं चावा घेतला. "बट इट वॉजन्ट बिटर!" "कारण मी काढला," बाबा म्हणाले.

मार्च संपत आला तोवर लोणच्याच्या नऊ बाटल्या भरल्या. निम्म्या जोआनच्या पद्धतीच्या, निम्म्या मोहरी फेसून. शेवटच्या बाटलीचं झाकण बाबा लावत होते, तेव्हा मी धीर केला. "बाबा, झालं ना मग हातून काहीतरी? राहणार ना आता?"

"काकडीचं काही नव्हतं गं."

"मग?"

"चार महिने तू आपली, बाबा घ्या ना, बाबा बसा ना, बाबा तुम्ही नका करू. मला वाटायचं, आपण इथं पाहुणे, तिकीट आहे तेच बरं." त्यांनी झाकण घट्ट केलं, बाटली पुसली. "त्या दिवशी तू अंगणात उभी राहून मला झापलंस. पाहुण्याला कोणी झापतं का? त्या रात्री इतकी शांत झोप लागली मला! विक्रांतला सांग, तिकीट रद्द कर म्हणावं."