आमचे साहेब सिनेमात होते

तुम्ही त्याला पाहिलेलं असणार. गादीची ती जाहिरात आठवा. बाई गाढ झोपलेली, आणि पायाशी चहाच्या रंगाचं एक इवलंसं कुत्रं, एक कान उभा, एक पडलेला. ते तिच्याकडे असं बघत असतं की आत्ता उठेल, आत्ता उठेल. ते आमचं. विम्याच्या जाहिरातीत गाडीच्या मागच्या काचेतून बघणारं, तेही आमचंच. लोक मला म्हणायचे, "काकू, काय त्याच्या डोळ्यांत माया आहे हो त्या बाईबद्दल!" आता ती बाई कोण, कुठली, त्याला काय तिचं! तो बघत होता आमच्या ह्यांच्याकडे. हे कॅमेऱ्याच्या शेजारी प्लॅस्टिकच्या स्टुलावर बसलेले, मांडीवर मराठी मासिक, आणि जांभया देताहेत. तुमच्या टीव्हीवर जी माया दिसली ती सगळी त्या जांभया देणाऱ्या माणसासाठी होती.

आमची लेक इथलीच, टेक्सासात प्लेनोला जन्मलेली. दोन वर्षं इंजिनिअरिंग करून तिनं एक दिवस जेवता जेवता सांगितलं की आपण सोडतोय, सिनेमातल्या जनावरांना शिकवण्याचं काम करणार. ह्यांचा घास हातातच राहिला.

"म्हणजे सर्कस?"

"नॉट सर्कस, बाबा. फिल्म्स. अ‍ॅड्स."

"आमच्या गावात अस्वल घेऊन दरवेशी यायचा. त्याला तरी आधी कॉलेजात जावं लागलं नव्हतं."

झालं. त्यानंतर कितीतरी दिवस बापलेकीत नुसती 'मीठ दे' आणि 'गाडीची किल्ली कुठाय' एवढीच भाषा. पुढे ती वेगळी राहायला गेली, काम शिकली, नाव काढलं, पण ह्यांनी कधी विचारलं नाही की तू दिवसभर करतेस काय. ती यायची, माझ्याशी स्वयंपाकघरात बोलायची, आणि जाताना दिवाणखान्यात डोकावून "बाय, बाबा" म्हणायची. हे पेपरातून मान वर न करता म्हणायचे, "हं."

मग ते कुत्रं आलं. शेल्टरमधून आणलेलं, आधी कुणी सोडून दिलेलं. लेकीच्या अपार्टमेंटात आधीच दोन दांडगे कुत्रे आणि एक शिव्या देणारा पोपट, तिथे ह्याला कुठे ठेवणार? "आई, फक्त दोन आठवडे," म्हणाली. हे म्हणाले, "गॅरेजात राहील. घरात पाऊल नाही." आठवडाही झाला नसेल, मी बाजारातून येते तो हे खुर्चीत पाय वर करून झोपलेले, आणि पोटावर ते कुत्रं. लेकीनं त्याला चांगलं इंग्रजी नाव ठेवलं होतं. हे मात्र त्याला 'साहेब' म्हणायचे. "रिटायर झालो ना, आता साहेब नको का कुणीतरी? चला साहेब, फिरायला. बसा साहेब." हळूहळू मीही साहेबच म्हणायला लागले. दोन आठवड्यांचा विषय पुन्हा निघालाच नाही.

ह्यांचं सिनेमात जाणं ठरवून झालं नाही. लेकीची गाडी बिघडली म्हणून पहिल्या शूटिंगला हे सोडायला गेले. तिथे पद्धत अशी, की शिकवणारा माणूस कॅमेऱ्याशेजारी कोंबडीचा तुकडा धरून उभा राहतो, कुत्रं त्या तुकड्याकडे बघतं, आणि पडद्यावर आपल्याला वाटतं ते नायिकेकडे बघतंय. त्याला आय-लाइन म्हणतात. आमचे साहेब कोंबडीकडे ढुंकून बघेनात. मान आपली सारखी मागे, जिथे हे दाराला टेकून उभे होते. लेक घामाघूम. शेवटी डायरेक्टर म्हणाला, "हू इज दॅट जेंटलमन?" "माय डॅड," ती म्हणाली. "मग त्यांना एक स्टूल द्या आणि माझ्या शेजारी बसवा."

त्या दिवसापासून हे नोकरीला लागले म्हणा ना. लेक फोन करायची, "बाबा, गुरुवारी फ्री आहात?" आणि हे, ज्यांना गुरुवारीच काय, कुठल्याच वारी काही नसायचं, ते म्हणायचे, "बघतो, जमवतो." शेजारच्या फ्रिस्को गावाच्या पलीकडे एका मोठ्या शेडमध्ये ख्रिसमसचा सिनेमा झाला, तो भर जुलैत. बाहेर डांबर वितळतंय, साहेबांच्या पायांना रबरी मोजे, आणि आत कागदाचं बर्फ पडतंय. साहेब शिंकून शिंकून हैराण. त्या सिनेमात एका कुत्र्याच्या कामाला तीन कुत्रे होते. एक पळायला, एक पाण्यात उड्या मारायला. हे घरी येऊन ऐटीत सांगायचे, "हमाली ते दोघे करतात. चेहरा आपला." जसा काही चेहरा ह्यांचाच.

आणि गाडीत, जाता-येता तास-तासभर, बापलेक बोलायचे. काय बोलायचे ते मला कधी कळलं नाही, मी विचारलंही नाही. एकदा वाण्याच्या दुकानात हे गल्ल्यावरच्या मुलीला सांगत होते, "माझी मुलगी फिल्ममध्ये आहे. शी ट्रेन्स अ‍ॅक्टर्स." मी ऐकून न ऐकल्यासारखं केलं आणि कोथिंबीर निवडत राहिले.

मग एका सकाळी छातीत दुखतंय म्हणाले. स्वतः बूट घातले, स्वतः गाडीत बसले. साहेब गॅरेजच्या दारापर्यंत आले. "येतोच साहेब," म्हणाले हे. आले नाहीत.

हॉस्पिटलमधून माणूस देत नाहीत, पिशवी देतात. पारदर्शक प्लॅस्टिकची, दोरी ओढायची. तीत चष्मा, घड्याळ, शर्ट, बूट. ती हातात घेऊन मी घरी आले आणि हात आपापली कामं करत सुटले. चष्मा खणात, शर्ट धुवायला. आपल्याकडे बूट घालून कुणी आत येत नाही, आमच्या गॅरेजच्या दाराशी आतल्या बाजूला बुटांचं कपाट आहे. बूट मी तिथे ठेवले, ह्यांच्या जागेवर, वरच्या कप्प्यात नेहमीसारखे. बाई घरात आली की हातातली वस्तू जागच्या जागी ठेवते, तसे. नंतर घर माणसांनी भरलं, कुणी डबे आणले, कुणी फुलं. त्यात कुत्र्याकडे कोण बघणार?

पाहुणे पांगल्यावर माझ्या लक्षात आलं की साहेब घर पालथं घालताहेत. सकाळी उठले की सुरू. आधी बेडरूम, पलंगाखाली. मग बाथरूमचं दार नाकानं ढकलायचं. मग देवघर, मग वरच्या खोल्या. त्या इवल्या पायांना जिना चढायचा म्हणजे काय, पण चढायचे. पडदा हलवून मागे बघायचे. सगळं झालं की खाली येऊन माझ्या तोंडाकडे बघायचे, जसं काही मीच लपवून ठेवलंय. जेवण तसंच पडलेलं. मी तूप-भात कालवून दिला, भाकरी दुधात चुरून दिली. हुंगायचे आणि परत जिन्याकडे. पाठीचा कणा हाताला लागायला लागला.

"साहेब, नाहीत हो ते घरात," मी म्हणायची. त्यांना कसं पटणार? माझं मलाच पटायची मारामार.

त्यातच एका सिनेमाचा शेवटचा प्रसंग राहिला होता. बाकी सगळा चित्रित झालेला, चेहरा साहेबांचा, मध्येच कुत्रं बदलणार कसं? जिन्यावर बसलेलं कुत्रं दारातून आलेल्या म्हाताऱ्या मालकाला बघतं, एवढंच होतं. लेक मला म्हणाली, "आई, तू चल. तू स्टुलावर बस. कदाचित तुझ्याकडे बघेल." मी ह्यांचा स्वेटर घातला आणि गेले.

एक भाड्यानं घेतलेलं घर होतं, दुसऱ्यांच्या सामानानं सजवलेलं. साहेब जिन्यावर चिकटपट्टी लावलेल्या आपल्या खुणेवर बसले, अगदी शहाण्यासारखे. मी कॅमेऱ्याशेजारी स्टुलावर. त्यांनी मला बघितलं. मग माझ्या मागे बघितलं. मग वाकून माझ्या दोन्ही बाजूंना. आणि उठले. इतक्या वर्षांत खुणेवरून कधी न उठलेला तो जीव खाली उतरला आणि त्या परक्या घरात खोल्या धुंडाळायला लागला. टेबलाखाली, पडद्यामागे. एक दार बंद होतं, तिथे पुढचा एक पाय उचलून उभा राहिला. कॅमेरावाला हलक्या पावलांनी मागे मागे. मेकअपवाली डोळे पुसत होती.

तेवढ्यात माझी लेक ओरडली, "कट!"

ते म्हणायचा अधिकार फक्त डायरेक्टरचा. तिथे दुसऱ्यानं तो शब्द काढला तर पुन्हा कामाला बोलावत नाहीत, इतकं ते मोठं. डायरेक्टर भला माणूस, पण तोही चिडला. म्हणाला, इतकं खरं मला आजवर मिळालं नव्हतं, का थांबवलंस? लेकीनं साहेबांना उचलून छातीशी धरलं होतं. म्हणाली, "बिकॉज इट इज रिअल. ही इज नॉट वर्किंग. हे काम नाहीये." आणि बापाच्या दिवसांतही जी रडली नव्हती ती माझी पोर त्या परक्या जिन्यावर बसून रडली. डायरेक्टर तिच्या शेजारी बसला, आणि ते चित्रीकरण वापरणार नाही असा शब्द त्यानं दिला. पाळलाही. सिनेमाच्या शेवटी पाठमोरं धावत जातं ते दुसरंच कुत्रं आहे. कुणाला कळत नाही.

घरी आलो. गॅरेजच्या दारातून आत शिरताना लेक एकदम थांबली. साहेब तिच्या हातातून उतरून बुटांच्या कपाटाशी गेले होते, मान उंच करून वरच्या कप्प्याकडे नाक नेत होते. मग वळून सरळ बेडरूमकडे.

"आई, बाबांचे बूट इथे कुणी ठेवले?"

"मी. आल्या दिवशी. मग कुठे ठेवू?"

ती तिथेच जमिनीवर बसली. "आई, त्याला एवढंच माहिती आहे गं. बूट नाहीत म्हणजे बाबा बाहेर गेलेत. बूट आहेत म्हणजे बाबा घरात आहेत. तू त्याला सांगितलंस की ते आलेत. ते घरात आहेत, आणि त्याला सापडत नाहीयेत." मग म्हणाली, "कुत्र्यांना शोधायला लावलं की आम्ही नेहमी शेवटी सापडू देतो. मुद्दाम. नाहीतर खचतात. हा रोज हरतोय."

मी म्हटलं, "मग काढते मी ते."

"काढलेस तर त्याला वाटेल ते बाहेर गेलेत. मग तो वाट बघत बसेल, आई. कायमची."

आम्ही दोघी गॅरेजच्या दाराशी त्या बोळात बसलो होतो. वॉशिंग मशीन बंद, घर चिडीचूप, आणि आत त्याच्या नखांचा टकटक आवाज, ह्या खोलीतून त्या खोलीत. शोधणं बरं की वाट बघणं बरं? हा प्रश्न मला कुणी आयुष्यात विचारला नव्हता. विचारायची वेळ आली ती एका कुत्र्यासाठी. का दोघांसाठी, कोण जाणे.

"वाट बघणाऱ्याला निदान भूक लागते," मी म्हटलं. आणि बूट काढून लेकीच्या हातात दिले. "तुझ्या घरी ने."

संध्याकाळी साहेब परत कपाटाशी आले. हुंगलं. पुन्हा हुंगलं. आणि खरं सांगते, त्यांचा सगळा देह सैल पडला. म्हणजे गेलेत होय बाहेर! असं. दाराशी पायपुसण्यावर जाऊन तोंड दाराकडे करून बसले. मी थाळी तिथेच नेली. चाटून पुसून खाल्ली. मला हसू आलं आणि ते हसू कुठल्या कुठे गेलं.

पुढे त्यांनी काम केलं नाही. लेकीनं सगळ्यांना कळवलं, साहेब निवृत्त झाले. दिवसभर पायपुसण्यावर. शेजारचं गॅरेज उघडताना घरघरलं की उभे राहायचे, शेपटी हलायची, मग आवाज आपला नव्हे हे कळलं की खाली बसायचे. रुसवा नाही, कंटाळा नाही. उशीर होतोय एवढंच. मी भाजी निवडायला खुर्ची तिथेच न्यायला लागले. "ट्रॅफिक असेल हो साहेब," मी म्हणायची. खोटं बोलताना सुरुवातीला जीभ अडखळायची, मग सवय झाली. सवय झाली म्हणजे काय, एखाद्या संध्याकाळी बोलून झाल्यावर मला बरं वाटायचं.

यंदाच्या थंडीत एका सकाळी ते उठले नाहीत. तिथेच, दाराकडे तोंड. लेक आली, दोघींनी मिळून ह्यांच्या स्वेटरात गुंडाळलं. तिला लोकांचे खूप निरोप आले. साहेबांच्या डोळ्यांबद्दल सगळ्यांनी लिहिलं होतं.

मला एवढंच म्हणायचं आहे. तो होता तोवर ह्या घरात कुणा एकाला तरी वाटत होतं की हे परत येणार आहेत. आता कुणालाच वाटत नाही.