नातीचे सेल

उमरीतल्या आमच्या शेजारच्या केवळामावशी सेल कधी टाकून देत नाहीत. रिमोटमधले उतरले की घड्याळात जातात, घड्याळातले थांबले की गच्चीवर सांडग्यांशेजारी उन्हात पडतात. मी लाख हसलो, पण त्यांच्यावर ढिम्म परिणाम नाही.

यंदा हिवाळ्यात त्यांची लेक आरती बाळंतपणाला आली आणि नात झाली. मग काय! खिडक्या बंद, दार बंद आणि बाजेखाली शेकाची शेगडी. जावई अमरनाथ लातूरहून आला तो कार्बन मोनॉक्साइडचा अलार्म घेऊनच. बंद खोलीत निखाऱ्यांचा विषारी वायू साठतो, त्याला वासही नसतो, तेव्हा हा ओरडेल, असं सांगून त्यानं तो भिंतीवर लावून दिला. मावशींनी मान डोलावली. जावयाची पाठ वळताच त्यातले कोरे सेल रिमोटमध्ये गेले आणि उन्हातले अलार्ममध्ये.

"त्यो नुसता भिताडावर बसून राहिला. त्याला कशाला नवे?"

दोन दिवसांत सेल उतरल्याचं सांगत अलार्म अधूनमधून चिवचिवू लागला. बाळ दचकायचं. मावशी वैतागून सेल काढायलाच उठल्या.

"माय, आधी ते टेस्टचं बटण दाब," आरती बाजेवरून म्हणाली.

मावशींनी दाबलं. आवाज नाही. पुन्हा दाबलं, तरी नाही.

"आम्ही झोपलो अन् ह्यो मुका राहिला तर?" आरतीनं विचारलं.

मावशींचं तोंड एवढंसं झालं. आरतीनं अलार्मच्या मागचं वाचून दाखवलं: अल्कलाइनच घाला, सगळे एकदम बदला, जुन्यात नवे मिसळू नका. मावशी तडक बाजारात गेल्या. दुकानदारानं सवयीनं घड्याळाचे साधे सेल पुढे केले, तर त्याच्यावरच खेकसल्या, "घड्याळाला न्हाई मागून राहिले. नातीला पाहिजेत!" संध्याकाळी बटण दाबलं तेव्हा सगळी गल्ली दचकली.

दुसऱ्या दिवशी सकाळी शेगडी आत गेली आणि थोड्या वेळानं तोच आवाज सुरू झाला. या खेपेला बटण कोणी दाबलं नव्हतं. मी धावलो. मावशी नातीला छातीशी धरून आणि आरतीला दंडाला धरून अंगणात येत होत्या.

"डोकं लई जड झालंय," आरती म्हणाली.

दवाखान्यात न्यायला मी रिक्षा बोलावली. बाळ निपचित पडलेलं, मावशींचा चेहरा पांढराफटक.

गार वारं लागलं आणि पोरीनं टाहो फोडला. मावशी हसत होत्या की रडत होत्या, कोण जाणे.

"रड माझे माय," त्या म्हणत होत्या, "मोठ्यानं रड."